पॅलिंड्रोमिक र्‍हुमॅटिझम (खांदा) : मराठीत काय म्हणावं?

पिंपळपान : निदानांच्या संकेतांकांची यादी मराठीत करते आहे. यादी अमेरिकी आयसीडी-१०-सीएमची. एम१२.३११ला अडले : 'पॅलिंड्रोमिक र्‍हुमॅटिझम, उजवा खांदा'. एम१२.३१२ म्हणजे डावा, आणि एम१२.३१९ म्हणजे कुठला खांदा ते लिहिलेलंच नाही. आधीच्या मसुद्यात 'विलोम संधिवात' आहे. दुखणं असं : सांधा अचानक सुजतो, लाल होतो, काही तासांत किंवा दोनचार दिवसांत सगळं ओसरतं, सांध्याला इजा राहत नाही, आणि पुन्हा कधीतरी तेच. 'विलोम' वाचून रुग्णाला यातलं काय कळणार?

सहजच : विलोम काढाच. तो 'चिमा काय कामाची'चा विलोम, उलटसुलट सारखंच वाचता येणाऱ्या अक्षरांचा. ग्रीकमध्ये पालिन म्हणजे पुन्हा, द्रोमोस म्हणजे धाव. हेंच आणि रोझेनबर्ग या डॉक्टरांनी १९४०च्या दशकात हे नाव दिलं ते परतून येणारं दुखणं या अर्थानं. (हेंच म्हणजे कॉर्टिसोनसाठी १९५०चं नोबेल मिळालेल्यांपैकी एक.) आपल्याकडे त्याला क्रियापद आहेच. आजी म्हणायची, 'ताप उतरला होता गं, पण दुखणं उलटलं.' उलटता संधिवात म्हणा.

रानवारा : उलटणं म्हणजे बरं होता होता पुन्हा बिघडणं. इथे मधल्या काळात माणूस ठणठणीत असतो. शिवाय औषधही उलटतं. जुना, नेमका शब्द पाळी. पाळीचा ताप, एकांतरा, तिजारी हे सगळं याच घरातलं. पाळीचा संधिवात.

ओंजळ : आज पाळी म्हटलं की एकच अर्थ डोळ्यांसमोर येतो. बाईच्या कागदावर हे लिहिलंत तर तिची चुकीच्या तपासणीला रवानगी होईल. आणि पाळीचा ताप ठरल्या दिवशी येतो, हे दुखणं वार बघून येत नाही.

रानवारा : एका अर्थानं दुसरा मारायचा, आणि मग म्हणायचं मराठीत शब्द नाहीत! 'कामाची पाळी', 'पाळीपाळीनं' हे आपण रोज बोलतो.

कोरांटी : एवढं शोधताय कशाला? आमवात. माधवनिदान या आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथात त्याचं स्वतंत्र प्रकरण आहे.

पिंपळपान : कोरांटीताई, आमवात मी लिहिणार नाही. आज तो शब्द र्‍हुमॅटॉइड आर्थ्रायटिस या सांध्यांच्या कायमच्या आजारासाठी वापरतात, त्याचे संकेतांक एम०५ आणि एम०६. पॅलिंड्रोमिकच्या काही रुग्णांना पुढे तो होतो, रक्तात अँटी-सीसीपी नावाची प्रतिपिंडं सापडली तर शक्यता जास्त. पण सगळ्यांना होत नाही. न झालेलं निदान कागदावर चढलं की पुढचा डॉक्टर तेच धरून चालतो. नुसतं 'खांदेदुखी'ही नको, तो एम२५.५११. त्यात सूज नाही, येणंजाणं नाही, फक्त दुखणं.

आडवाट : मला हेच आहे, म्हणून लिहितो. दुपारी खांद्यात बारीक कळ, संध्याकाळी शर्टाच्या बाहीत हात जात नाही, रात्री त्या कुशीवर होता येत नाही. परवा सकाळी हात सरळ डोक्यावर जातो. डॉक्टरांची वेळ मिळेपर्यंत दाखवायला काही उरत नाही, म्हणून आता सूज आली की फोटो काढून ठेवतो. आम्ही घरात म्हणतो 'खांदा धरला' आणि 'खांदा सुटला'. तुमच्या यादीत 'धरसोडीचा संधिवात' का चालू नये?

ओंजळ : वा! येणं आणि जाणं दोन्ही त्यात आलं.

कोरांटी : धरसोड हा माणसाच्या स्वभावाचा दोष आहे. निदानाच्या कागदावर तो शोभत नाही. 'आवर्ती संधिशोथ' लिहा, चार शास्त्रीय शब्दांशी जुळतो.

आडवाट : संधिशोथ मला तरी कुणी कधी बोलून दाखवला नाही. कागद माझा, आणि तो मलाच वाचता यायचा नाही?

रानवारा : आवर्ती तर ठेवीसुद्धा असतात.

सहजच : जाता जाता, 'खांदा' तरी नक्की का? संकेतांकातला खांदा म्हणजे सांधा. मराठीत खांदा मानेपासून सुरू होतो. खांदा दुखतो म्हणून लोक मानेजवळ हात ठेवतात. बाहुटा म्हणा.

ओंजळ : आमच्याकडे बाहुटा म्हणजे दंडाचा वरचा भाग, सांधा नव्हे. सांध्याला खवाटा म्हणतात.

कोरांटी : खवाटा मागचं फऱ्याचं हाड. सांधा म्हणजे अंससंधी.

ओंजळ : नाही हो. पोर पडलं की 'खवाटा निखळला' म्हणायचे. फऱ्याचं हाड कसं निखळेल?

सहजच : निखळतो तो खवा. खवाटा वेगळा. कुणाकडे जुना कोश असेल तर दोन्ही नोंदी इथे टाका.