मदत हवी आहे: चाळीतून टॉवरमध्ये आलेल्या आईचं मन कसं रमवायचं?

नमस्कार मंडळी. आमची लालबागची चाळ पाडून टॉवर झाला, गेल्या वर्षी चौदाव्या मजल्यावर राहायला आलो. घर छान आहे, संडास घरात, पाणी चोवीस तास. तक्रार घराची नाहीच.

आई ७४ वर्षांची. सकाळी दार सताड उघडं ठेवून खुर्ची टाकून बसते, चाळीत गॅलरीत बसायची तशी. समोरची तीनही दारं बंद. सोडतीत घरं लागल्यामुळे जुने शेजारी वेगवेगळ्या मजल्यांवर विखुरले. परवा वाटीभर आमटी घेऊन गेली, तर दारातल्या कॅमेऱ्यातून आवाज आला, "कोण हवंय?" तशीच परत आली.

१९८२ च्या संपात बाबांची गिरणी बंद पडली, तेव्हा आमचा मजला एकमेकांच्या डब्यांवर जगला. अर्थात तेव्हाचं सगळंच गोड नव्हतं. नळावर भांडणं व्हायची, कोणाकडे कोण आलं याची चौकशी अख्ख्या मजल्याला असायची, आणि माझ्या बायकोला आता तीच बंद दारं आवडतात! तिचंही चूक नाही.

आमच्या कमिटीने लॉबीत बसायला मनाई केली आहे. टेरेसला कुलूप. मंगळवारचं भजन घरात ठेवलं, तर चारच जणी आल्या.

गिरगाव, परळ, वरळीकडे कोणी यातून गेलं आहे का? कमिटीकडून बसायला जागा कशी मिळवलीत? अर्जात नेमकं काय लिहिलंत? भजनापेक्षा वेगळं काही चाललं का? व्हॉट्सअॅप ग्रुप सुचवू नका, आईकडे साधा फोन आहे.