बल्बचा बॉक्स आणि बाबांचं गणित

धागाकर्ती:
जिन्यातला बल्ब गेला म्हणून नवीन एलईडी आणला. आमच्याकडे बल्ब बाबाच बदलतात (वय ७९, ऐकत नाहीत), मी स्टूल धरते. चढण्याआधी बॉक्स डोळ्याजवळ नेऊन वाचत बसले, १५००० तास, मग स्वतःशीच हिशोब, रोज ४ तास लावला तर झाली की दहा वर्षं, आणि अगदी सहज म्हणाले "म्हणजे पुढचा तुला बदलायचाय." बस एवढंच. आणि चढले. मरणाबद्दल इतकं ऐकलंय, वाचलंय, पण कळलं ते तिथे, स्टूल धरून. साबणाची झिजलेली चिपटी नव्या वडीला चिकटवताना पण हल्ली असंच काहीतरी होतं. तुम्हाला काय वाटतं?

प्रतिसाद १:
ताई राग मानू नका, पण बल्ब हा बल्ब असतो. अर्थ आपण मागाहून चिकटवतो, तुमच्या त्या चिपटीसारखाच. आई गेल्यावर मी पण तिचा कंगवा केसांसकट तसाच ठेवला, वाटलं काहीतरी उलगडेल. कपाट आवरण्यात तीन रविवार गेले आणि पाठ धरली, बाकी काही नाही. उलट चीड येते, माणूस जातं आणि प्लास्टिकचा कंगवा मजेत.

प्रतिसाद २:
असहमत. मागाहून चिकटवलेला अर्थ खोटा कसा? १७व्या शतकातले डच चित्रकार कवटीशेजारी घड्याळ, विझलेली मेणबत्ती असलं घरातलंच सामान मांडून हेच सांगत होते ना. (मला कवटी नसती तरी चाललं असतं, मेणबत्ती पुरे.)

प्रतिसाद १:
चित्रातलं सांडलेलं मेण कुणाला खरवडावं लागत नाही हो.

प्रतिसाद २:
कंगवा टाकलात का?

प्रतिसाद १:
नाही. तो मुद्दाच नाहीये.

प्रतिसाद ३:
अवांतर, पण ते तास म्हणजे बल्ब बंद पडायची वेळ नव्हे, साधारणपणे उजेड मूळच्या ७० टक्क्यांवर येईपर्यंतचा काळ धरतात. पुढेही चालतो, मंद. फक्त बंद फिटिंगमध्ये तापून आतलं सर्किट आधी गेलं तर गेला.

धागाकर्ती:
हे बाबांना वाचून दाखवलं. "सत्तर? मी कधीच त्याच्या खाली गेलोय" म्हणाले, आणि मला जिन्यातला दिवा बंद करायला पिटाळलं, भर दुपारी चालू राहिला होता.