परवानगी नव्हे, निर्णय मागा

काहीजण म्हणतात की नव्या मेडिकल कॉलेजच्या किंवा वाढीव सीट्सच्या परवानगीची फाइल केंद्र सरकार दाबून बसलं तर कॉलेजने हायकोर्टातून थेट परवानगीच आणावी. तसं सहसा होत नाही हो. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट (सरकारला आदेश द्या अशी हायकोर्टातली याचिका) केली तर कोर्ट फार तर सांगतं की अमुक तारखेपर्यंत अर्जावर निर्णय घ्या, काय निर्णय घ्यायचा ते नाही सांगत.

आधीच्या १९५६ च्या मेडिकल कौन्सिल कायद्यात कलम १०-अ मध्ये सोय होती, वर्षभरात सरकारचं उत्तरच आलं नाही तर कॉलेजची योजना (म्हणजे परवानगीचा अर्ज) मंजूर झाली असं धरायचं, पण कॉलेजने माहिती द्यायला घेतलेला वेळ त्यातून वजा व्हायचा आणि खरी भांडणं तिथेच. आता २०१९ चा एनएमसी (राष्ट्रीय वैद्यकीय आयोग) कायदा आहे, आयोगाच्या मूल्यांकन मंडळाने सहा महिन्यांत निर्णय द्यायचा, नाही दिला तर आधी आयोगाकडे अपील, मग केंद्राकडे. ते न करता रिट केली की पहिला आक्षेप तोच येतो.

आणि अंतरिम आदेशावर, म्हणजे केसचा निकाल लागेपर्यंतच्या तात्पुरत्या आदेशावर, अ‍ॅडमिशन देणं मला तरी अजिबात पटत नाही. भुवनेश्वरच्या कलिंग इन्स्टिट्यूटने हायकोर्टाच्या अंतरिम आदेशावर वाढीव ५० मुलं घेतली, २०१६ मध्ये सुप्रीम कोर्टाने मुलांचं शिक्षण चालू ठेवलं पण संस्थेला ५ कोटींचा दंड केला. तोपर्यंत त्या पोरांच्या आईबापांचं काय झालं असेल! त्यामुळे नीटच्या पालकांनो, फी भरण्याआधी परवानगीचं पत्र मागा, त्यावरचं वर्ष आणि सीट्सचा आकडा बघा, आणि केस चालू असेल तर ऑर्डर अंतरिम की अंतिम ते विचाराच.