शमुवेल म्हणजे 'देवाने ऐकले'? मग आयिन कुठे गेला ते सांगा

तिरकस अक्षर (धागाकर्ता)

बाळांच्या नावांची कुठलीही यादी उघडा. बायबलातल्या संदेष्ट्याचे हे हिब्रू नाव, सॅम्युअल, शमुवेल, श्मुएल, रूप कोणतेही असो, पुढे अर्थ ठोकलेला असतो: 'देवाने ऐकले'. हा अर्थ चूक आहे आणि ती चूक पकडायला हिब्रू यावे लागत नाही, अक्षरे मोजता आली की झाले.

नावात अक्षरे पाच: शिन, मेम, वाव, आलेफ, लामेद. शेवटची दोन म्हणजे 'एल', देव. 'ऐकणे' या धातूची अक्षरे शिन, मेम, आयिन. आयिन हे घशातून काढायचे सणसणीत व्यंजन आहे. लहर आली म्हणून ते गळत नाही. ज्या नावांत 'ऐकणे' खरोखरच आहे तिथे ते ठाण मांडून बसले आहे: इश्माएल, शिमोन, अलीशामा.

आता लगेच कोणीतरी म्हणेल की आयिन आणि आलेफ शेजारी आले, उच्चाराला जड गेले, म्हणून एक गळाले. त्यावर इश्माएल हेच उत्तर: योद, शिन, मेम, आयिन, आलेफ, लामेद. दोघे मांडीला मांडी लावून बसलेत आणि कोणीही गळालेले नाही.

माझे मत: 'शेम' म्हणजे नाव, अधिक 'एल'. मधला 'ऊ' हा जुन्या विभक्तीचा उरलेला तुकडा. याकोब रात्रभर ज्याच्याशी झुंजला त्या प्रसंगाची जागा आठवा. बायबलातल्या उत्पत्ती या पुस्तकाच्या ३२व्या अध्यायात एका वचनात ती 'पनीएल' आहे आणि लगेच पुढच्या वचनात 'पनूएल'. अर्थ दोन्हीकडे 'देवाचे मुख' हाच. तसाच 'शमूएल', देवाचे नाव. मराठीत सांगायचे तर आपला नामदेव.

जुनी पोथी

असहमत. अक्षरे मोजलीत, गोष्ट वाचली नाहीत.

१ शमुवेलचा पहिला अध्याय घ्या. शमुवेलची आई हन्ना मुलासाठी शिलोच्या मंदिरात प्रार्थना करते. ओठ हलतात पण आवाज 'ऐकू येत नाही' (वचन १३), म्हणून एली याजकाला वाटते बाई प्यायली आहे. तिथे वापरलेला धातू शिन-मेम-आयिनच आहे. माणसाला ऐकू आले नाही ते देवाने ऐकले, ही कथेची खरी मेख. पुढे तिसऱ्या अध्यायात पोरगा रात्री तीनदा हाक ऐकून एलीकडे धावतो, आणि चौथ्या वेळी उत्तर देतो की बोल, तुझा दास ऐकत आहे. पुन्हा तोच धातू. ज्या मुलाची सगळी ओळख 'ऐकणारा' अशी आहे, त्याच्या नावात लोकांनी ऐकणे ऐकले तर त्यांना अडाणी का ठरवायचे?

तिरकस अक्षर

अडाणी कोणीच म्हटलेले नाही. पण श्लेष वेगळा, व्युत्पत्ती वेगळी. 'पुत्' नावाच्या नरकातून तारतो तो पुत्र, हे मनुस्मृतीतही आहे (९.१३८). त्यावरून कोणी भाषाशास्त्र शिकवायला बसत नाही.

आणि गंमत पाहा, हन्ना स्वतः 'ऐकले' म्हणतच नाही. ती नाव ठेवताना कारण देते (वचन २०) की मी याला परमेश्वराजवळ *मागितले*. म्हणजे तुमचा अर्थ धातूला धरून नाही आणि आईच्या तोंडच्या शब्दालाही धरून नाही. दोन्हीकडून निराधार.

शिलोची वाट

बरे झाले हे वचन २० निघाले, कारण खरे भांडण तिथे आहे.

'मागणे' याचा धातू शिन, आलेफ, लामेद. हा धातू पहिल्या अध्यायात सात वेळा येतो: वचन १७ मध्ये दोनदा, २० मध्ये एकदा, २७ मध्ये दोनदा, २८ मध्ये दोनदा. दुसऱ्या अध्यायाच्या २०व्या वचनात आणखी दोनदा. एवढा मारा करून मुलाचे नाव काय ठेवले? शमुवेल. ज्यात हा धातू बसत नाही! मग बसतो कोणाच्या नावात? शिन, आलेफ, वाव, लामेद: शाऊल. आपल्या मराठी बायबलातला शौल, इस्राएलचा पहिला राजा. नावाचा अर्थच 'मागितलेला'. त्यावर कडी म्हणजे वचन २८ चा शेवट. हन्ना म्हणते, हा परमेश्वराला दिलेला आहे, आणि हिब्रूत 'दिलेला' या जागी शब्दशः 'शाऊल' हेच रूप आहे. राजाचे नाव अक्षर न् अक्षर तेच.

म्हणून अनेक अभ्यासक म्हणतात की ही जन्मकथा मुळात शौलाची. शौलानंतरचा राजा दावीद, त्याच्या घराण्याचा वरचष्मा झाल्यावर ती शौलाकडून काढून संदेष्ट्याच्या नावावर चढवली. माल हलवला, पण खोक्यावरची जुनी चिठ्ठी काढायची राहिली.

तागडी

चिठ्ठीची उपमा झकास आहे, पण माल खरोखर हलवला याचा पुरावा कुठाय? तीन अडचणी.

एक, घर. शौल बन्यामीन वंशाचा, किशाचा मुलगा. या कथेतला बाप एलकाना, एफ्राईमच्या डोंगराळ भागातला, दोन बायकांचा दादला, दरवर्षी शिलोला जाणारा. यातले काहीच शौलाला लागू होत नाही. माल हलवला म्हणायचे तर बाप, आई, सवत, गाव, देऊळ, याजक सगळे नव्याने लिहावे लागले असणार. आणि एवढे सगळे बदलणारा माणूस सात वेळा आलेला शब्द तेवढा विसरला?

दोन, नवस. हन्ना बोलते की याच्या डोक्याला वस्तरा लागणार नाही. मृत समुद्राजवळच्या कुमरानच्या चौथ्या गुहेत, १९५२ साली सापडलेल्या शमुवेलाच्या गुंडाळीत तर २२व्या वचनाला 'कायमचा नाजीर' असे स्पष्ट शब्द जोडलेले आहेत. नाजीर म्हणजे व्रतस्थ. शौल नाजीर होता असे कुठेही नाही.

तीन, आणि मला हीच सर्वांत वजनदार वाटते. 'मागणे' हा शब्द पुस्तकभर मुद्दाम पेरलेला आहे. आठव्या अध्यायात लोक राजा 'मागतात'. बाराव्यात शमुवेल त्यांना सुनावतो की हा पाहा तुम्ही 'मागितलेला' राजा. अठ्ठाविसाव्यात शौल परमेश्वराला 'विचारतो' (धातू तोच, मागणे आणि विचारणे हिब्रूत एकच) आणि उत्तर येत नाही. मग तो मेलेल्या शमुवेलाला वर बोलावतो, आणि शमुवेल फटकारतो: मला कशाला 'विचारतोस'? हन्नाने मागितलेला एक आणि लोकांनी मागितलेला दुसरा, ही जोडी लेखकाने पहिल्याच अध्यायात लावून ठेवली. चिठ्ठी काढायची राहिली नाही, मुद्दाम चिकटवली आहे.

शिलोची वाट

तिसरा मुद्दा मान्य. पहिला अर्धाच. बाप-गाव बदलणे सोपे, कानाला बसलेला शब्दखेळ मोडणे अवघड. मौखिक कथेत नेहमी हेच उलटे टिकते. नाजीर व्रताचे म्हणाल तर त्या गुंडाळीतले जास्तीचे शब्द नंतर कोणी स्पष्टीकरणासाठी घातलेलेही असू शकतात. ते मूळ पाठाचे म्हणून माझ्या अंगावर टाकू नका.

जुनी पोथी

तुम्ही दोघेही एक जुने उत्तर विसरताय. दावीद किमही, १२व्या-१३व्या शतकातला प्रोव्हान्सचा भाष्यकार. तो नाव सोडवतो 'शाऊल मे-एल', म्हणजे 'देवाकडून मागितलेला'. शाऊलची चारही अक्षरे शमुवेलमध्ये हजर आहेत, जास्तीचे फक्त मेम. आणि मेम म्हणजेच 'कडून'. कथा चोरायची गरजही नाही आणि आईचा शब्दही खरा ठरतो.

तिरकस अक्षर

अक्षरे हजर आहेत, रांगेत नाहीत. शाऊलमध्ये आलेफ आधी, वाव नंतर, शमुवेलमध्ये उलट. नावे अशी पत्त्यांसारखी पिसून बनत नाहीत. हिब्रू बायबलला नादावरून नाव उलगडायची खोडच आहे. नोहाचे पाहा: कारण दिले आहे 'सांत्वन करील' (उत्पत्ती ५:२९), ज्याच्या धातूत शेवटी मेम आहे, आणि नावात मेमचा पत्ता नाही. तिथे नावापेक्षा धातूत अक्षर जास्त, इथे धातूपेक्षा नावात. मोशेचे तसेच. पाण्यातून 'ओढून काढला' म्हणून मोशे, असे मजकूर सांगतो, पण थुटमोससारख्या मिसरी राजनावांतला 'मोस' म्हणजे जन्मलेला, पुत्र, हे त्याचे जास्त जवळचे नातलग. यास्काचे निरुक्त (वैदिक शब्दांच्या व्युत्पत्तीचा ग्रंथ) ज्यांनी चाळले आहे त्यांना ही पद्धत परकी वाटायची नाही. एका शब्दाला तो तीन-तीन निर्वचने देतो आणि तिन्ही ठेवतो.

तागडी

'शेम-एल'च्या बाजूने धाग्यात न आलेला पुरावा मी देतो. बाबिलोनच्या पहिल्या राजघराण्यातले, म्हणजे हम्मुराबीच्या आधीचे राजे, सुमू-अबुम आणि सुमू-ला-एल. इसवी सनापूर्वीचे १९वे शतक. ही अमोरी नावे, आणि त्यांतला 'सुमू' म्हणजे नाव. 'ऊ'सकट. अक्कादीत (बाबिलोनच्या जुन्या भाषेत) 'शुमू' म्हणजे नाव, आणि वंश चालवणारा वारसही. आपण 'बापाचे नाव चालवणारा' म्हणतो ना, तीच कल्पना. त्यामुळे शमुवेल म्हणजे कोरडे 'देवाचे नाव' नसून 'देवाचा वंशज, देवाने दिलेला वारस' असाही घेता येतो. वांझ म्हणून हिणवल्या गेलेल्या हन्नाच्या पोराला तो जास्त शोभतो, असे माझे मत.

फक्त 'नामदेव'वर थांबू नका. तो षष्ठी तत्पुरुष की बहुव्रीही, ते ठरवा. 'देवाचे नाव' की 'ज्याचे नाव देव आहे असा'?

तिरकस अक्षर

बहुव्रीही करायचा तर 'शेमो एल', त्याचे नाव एल, असे हवे. म्हणजे वावचा उच्चार 'ओ'. पारंपरिक स्वरचिन्हे 'ऊ' सांगतात, ग्रीक भाषांतरही 'सामूएल' लिहिते. म्हणून तत्पुरुष. वारसाचा मुद्दा मात्र चांगला आहे, तो घेतो.

कागदोपत्री

एक व्यावहारिक शंका. 'श' खरा की 'स'? आणि 'व' कुठून आला?

तागडी

हिब्रूत 'श'. पहिल्या अक्षराखाली 'श्वा' ही अगदी तोकडी स्वरखूण, म्हणून आजचा उच्चार 'श्मुएल'. ग्रीकांकडे 'श' नव्हता, त्यांनी 'स' केला. तिथून लॅटिन, तिथून पोर्तुगीज 'सामुएल' (गोव्यात हेच) आणि इंग्रजी सॅम्युअल. मराठी बायबलातला 'व' हा ऊ आणि ए यांच्यामध्ये आपल्या जिभेवर आपोआप येतो, मूळ नावातला वाव अक्षराचा तो वारस नव्हे. तो वाव 'ऊ'तच संपला.

रोमन अक्षरांवरून व्युत्पत्ती तपासायला मात्र जाऊ नका. इंग्रजीत इश्माएलचाही आयिन दिसत नाही, मग शमुवेलचा दिसला नाही तर त्यातून काय सिद्ध होणार? तपासायचे तर अरबीत. इस्माईलमध्ये आयिन जसाच्या तसा आहे. सहाव्या शतकातला अरबस्तानातला ज्यू कवी समव्अल, ज्याच्या इमानाची अरबीत म्हण झाली, त्याच्या नावात हम्झा (आलेफचा अरबी जोडीदार) आहे, आयिन नाही. धागाकर्त्याला हा पुरावा फुकटात.

मांडवीकर

तुमच्या सगळ्या रूपांत घरचे रूप राहिलेच. कोकणातल्या बेने इस्रायलांनी, म्हणजे तिथल्या ज्यूंनी, याच नावाचे 'समाजी' केले. एझेकिएलचे हसाजी, अब्राहमचे अबाजी, आणि मागे गावावरून दिवेकर, पेणकर, रोहेकर. मुंबईत मांडवीला १७९६ मध्ये शहरातले पहिले सिनेगॉग बांधणारे सॅम्युअल एझेकिएल दिवेकर म्हणजेच समाजी हसाजी दिवेकर. कंपनी सरकारच्या फौजेतले अधिकारी. टिपूच्या कैदेतून सुटका झाली तर देऊळ बांधीन असा नवस त्यांनी केला होता, असे परंपरा सांगते. 'शआर हारहमीम', दयेचे दार. लोक म्हणायचे जुनी मशीद. सॅम्युअल स्ट्रीट त्यांच्याच नावाची.

माझा मुद्दा हा की समाजी म्हणणाऱ्या कोणालाही आयिन-आलेफ माहीत असायची गरज नव्हती. नाव टिकले ते 'जी' लागून, अर्थ लागून नव्हे.

तिरकस अक्षर

टिकले कसे हा एक प्रश्न, अर्थ काय हा दुसरा. समाजीने पहिला सुटतो, दुसऱ्याला हातही लागत नाही. उलट त्यातून नवा घोळ होतो: 'समाजी' पाहून 'समाज' किंवा 'सम' शोधणारे निघतील. तो केवळ हिब्रू नावाचा मराठी पेहराव आहे.

जुनी पोथी

आणि नवस बोलून सुटलेल्या समाजीचे नाव नवसाने झालेल्या मुलाचेच निघावे! तुमच्या अक्षरमोजणीत हे कुठल्या रकान्यात लिहिणार?

तिरकस अक्षर

योगायोगाच्या.

पण जाता जाता दोन्ही पक्षांना एक. गणना ३४:२० काढा. देशाची वाटणी करायला नेमलेल्या सरदारांत शिमोन वंशाचा एक शमुवेल आहे, अम्मीहूदाचा मुलगा. १ इतिहास ७:२ मध्ये इस्साखार वंशातला आणखी एक. त्यांच्या आया कोणाजवळ काय मागत होत्या, कोणी काय ऐकले, याबद्दल एक शब्द नाही. नाव चलनात होते, हन्नाने घडवलेले नव्हते.

शिलोची वाट

गणनेतली ती यादी कधी लिहिली गेली, हे ठरल्याशिवाय 'आधीपासून चलनात' म्हणता येत नाही. नाव कथेतल्या काळाने जुने आहे, मजकुराच्या काळाने असेलच असे नाही. हे वेगळ्या धाग्यात घ्या, इथे आधीच आयिनवर निम्मा दिवस गेला.