मारिया साबीनाची गाणी: कविता म्हणायची की काम?

पितळी डबा:

गेला आठवडाभर जेवणं आवरली की दिवा मालवून एकच ध्वनिमुद्रण ऐकते आहे. मेक्सिकोतल्या ओआहाका राज्यात डोंगरावर वाउत्ला दे हिमेनेस नावाचं गाव आहे. तिथे १९५६ च्या जुलैमध्ये एका रात्री केलेलं हे मुद्रण पुढच्याच वर्षी अमेरिकेत तबकडी म्हणून निघालं. गाणारी मारिया साबीना, मजातेक समाजातली. त्यांच्या भाषेत अशा माणसाला ‘चोता चीने’ म्हणतात, म्हणजे जाणता माणूस. ही जाणती बाई. तिला लिहिता-वाचता येत नव्हतं, स्पॅनिशही येत नव्हतं.

आजारी माणसासाठी रात्रभर चालणाऱ्या विधीला स्पॅनिशमध्ये ‘वेलादा’ म्हणतात. जागर म्हटलं की आपल्याला पटकन कळेल. कोपलचा धूप घालतात, दृष्टांत घडवणारी अळंबी जोडीजोडीने मोजून खातात, मेणबत्त्या विझवतात आणि मग काळोखात गाणं सुरू होतं. या अळंब्यांना ती ‘लेकरं’ म्हणते, पवित्र लेकरं. आधी नुसती गुणगुण, मग टाळी, आणि मग ओळींवर ओळी: गडगडणारी बाई मी, गरुड-बाई मी, तुटत्या ताऱ्याची बाई मी, आणि मध्येच वकील-बाई मी! या वकिलापाशी मी दर वेळी थांबते. गरुड कुठल्याही कवीला सुचेल. पण जिच्या गावाला सरकारी कागदापुढे मान खाली घालावी लागते, तिला वकील हाही एक शक्तिमान प्राणी वाटतो, आणि ती त्यालाही अंगावर घेते.

आल्वारो एस्त्रादा हा वाउत्लाचाच मजातेक लेखक. त्याला तिने सांगितलेली आत्मकथा १९७७ मध्ये आली. त्यात ती सांगते, की दृष्टांतात थोर मंडळींनी तिच्यापुढे एक पुस्तक ठेवलं, आणि जिला अक्षर येत नाही तिने ते वाचलं. पुढे पुस्तक गेलं, भाषा राहिली, आणि ती बरं करते ते या भाषेनेच. आणखी काय हवं? विसाव्या शतकातल्या मोठ्या कवींची यादी आपण करतो तेव्हा या बाईचं नाव कुठे असतं? मला ती कवयित्री वाटते, थोर कवयित्री. या गाण्यांचं नीट मराठी भाषांतर व्हायला हवं असंही वाटतं.

कुंपणावरची:

ताई, छान लिहिलंयत, पण साफ असहमत.

तुम्ही १९५६ चं ऐकताय. त्याच गावातलं १९५८ चं एक मुद्रण आहे, जुलैतल्याच एका रात्रीचं. पुढे १९७४ मध्ये ते अख्खं पुस्तकरूपात आलं, मजातेक, स्पॅनिश आणि इंग्रजी ओळी शेजारी-शेजारी छापून. ती रात्र कुणासाठी होती? सतराएक वर्षांच्या, खूप आजारी असलेल्या एका मुलासाठी. हा जगेल का, एवढंच विचारायचं होतं. रात्रीच्या ओघात उत्तर आलं, की नाही जगणार. काही आठवड्यांत तो गेला. आता तुम्ही आणि मी कानात यंत्र घालून त्या रात्रीची ‘प्रतिमासृष्टी’ बघणार? त्या खोलीत तो मुलगा असताना ओळीची लांबी मोजत होतं ते फक्त टेपरेकॉर्डर.

आणि हे मुद्रण करणारे गॉर्डन वॉसन कोण? न्यूयॉर्कच्या एका बड्या बँकेचे उपाध्यक्ष. १९५५ च्या जूनअखेर ते वाउत्लात पोचले आणि मुलाची काळजी वाटते, त्याची खुशाली हवी, असं निमित्त सांगून वेलादात बसले. तिथला नियमच तसा होता. काहीतरी दुखणं, काहीतरी काळजी असल्याशिवाय लेकरं खायची नसतात. मे १९५७ मध्ये ‘लाइफ’ साप्ताहिकात त्यांचा लेख आला. बाईचं नाव बदललं होतं, पण नाव आणि गाव शोधायला लोकांना वेळ लागला नाही. मग वाउत्लात झुंडी आल्या, कुणी देव शोधायला, कुणी नुसतीच मजा म्हणून. तिच्या घराला आग लागली, तिला पोलिसांचा जाच झाला, शेवटी रस्त्यावर सैन्य बसलं. आणि तीच म्हणाली, की हे परके आल्यापासून लेकरांची ताकद गेली.

‘कविता’ हा शब्द मला त्याच रांगेतला वाटतो. आधी अळंबी नेली, मग रसायन नेलं, आता ओळी न्यायच्या. वर नेणाऱ्याला वाटतं आपण सन्मान करतोय.

ना धड ना बोळा:

दोघींचंही वाचलं. एक प्रश्न विचारतो, रागावू नका. मुलगा गेला ना शेवटी?

मी जव्हार भागातला. आमच्याकडेही भगत आहे, सूप वाजवून गातो, गातो फार सुंदर. चुलतभावाला फुरसं चावलं तेव्हा अडीच तास त्याच्या ओट्यावर गेले. भाऊ वाचला, उजव्या हाताचं एक बोट गेलं. तो गात होता ते मला अजून पाठ आहे, म्हणून सांगतो, शहरातल्या माणसाने काळोखात कानाला लावून ‘जाणती बाई’ म्हणणं सोपं असतं. कविता म्हणा नाहीतर काम म्हणा. काम म्हणत असाल तर मग कामासारखं तपासा, की किती बरे झाले आणि किती गेले.

पितळी डबा:

@ना धड ना बोळा, रागावले नाही. बोटाचं वाचून कसंसंच झालं.

पण या बाईच्या बाबतीत चित्र थोडं वेगळं आहे. एकदा एका दारुड्याने तिच्यावर गोळ्या झाडल्या. तेव्हा ती लेकरं खात बसली नाही. गावात नव्याने आलेल्या तरुण डॉक्टरने भूल देऊन गोळ्या काढल्या. पुढे त्या दोघांची मैत्री झाली आणि त्याच्यासाठीही तिने वेलादा केला. तिच्या डोक्यात डॉक्टर आणि लेकरं यांची भांडणं नव्हती. १९६२ मध्ये रसायनशास्त्रज्ञ आल्बर्ट होफमान अळंबीतल्या द्रव्याच्या, म्हणजे सायलोसायबिनच्या, कारखान्यात बनवलेल्या गोळ्या घेऊन तिच्याकडे गेले. तिने त्या घेऊन पाहिल्या आणि सांगितलं, की यात लेकरांचं बळ आहे. पावसाळा सोडून इतर महिन्यांतही आता लोकांची सोय होईल, असा तिचा व्यवहारी विचार. मला तर ती आपल्यापेक्षा कमी भाबडी वाटते.

@कुंपणावरची, त्या मुलाबद्दल मला माहीत नव्हतं. यावर विचार करून लिहिते.

मिरजेचा तंबोरा:

हे वॉसन म्हणजे तेच ना, ज्यांनी १९६८ मध्ये ऋग्वेदातला सोम म्हणजे लाल टोपीवर पांढरे ठिपके असलेली अळंबी, असा सिद्धांत मांडला? मला तो कधीच पटला नाही. सोम कुटतात, गाळतात, दुधात मिसळतात, असं नवव्या मंडलात पानोपानी आहे. पण माणूस चिवट. मेक्सिकोत एक कुलूप उघडलं आणि नंतर जगातल्या प्रत्येक दाराला तीच किल्ली लावत बसला.

अवांतर: धागा अशा अळंबीसाठी गाजलेल्या कोडाईकनालकडे वळण्याआधी सांगून ठेवतो, हे द्रव्य आपल्याकडे अमली पदार्थांच्या कायद्यात येतं. ‘सर, कुठे मिळेल’ असे प्रश्न इथे नकोत.

तळघर:

सगळे अर्थावर भांडताहेत आणि सगळ्यात महत्त्वाचा शब्द कुणाच्या लक्षात आलेला नाही. तो इतका छोटा आहे, की भाषांतरात आधी गळतो. ओळीच्या शेवटी पुन्हा पुन्हा ‘त्सो’ येतं ते ऐकलंत का? त्याचा अर्थ ‘म्हणतो, म्हणते, म्हणतं’. मी गरुड-बाई आहे, त्सो. मी आत बघणारी बाई आहे, त्सो. म्हणजे ‘मी’ तिचा, पण सांगणारं दुसरंच कुणी. लेकरं सांगताहेत, ती पोचवतेय.

आपल्याकडे अंगात येतं तेव्हा उलटं होतं. ज्याच्या अंगात येतं त्याला आपण ‘झाड’ म्हणतो. झाड बोलतं तेव्हा ‘मी’ देवीचा असतो आणि तोंड बाईचं. देवी गेली की बाईला विचारा, ती म्हणेल मला काही आठवत नाही. मारिया साबीना कुठेही जात नाही. ती खोलीतच आहे, शुद्धीत आहे, टाळ्या वाजवतेय, आणि स्वतःबद्दल कुणीतरी सांगितलेलं ऐकून मोठ्याने परत म्हणतेय. याला अंगात येणं म्हणता येणार नाही, आणि मी माझं मन मोकळं करतोय अशी आजच्या कवितेची तऱ्हाही नाही.

त्यामुळे ‘ती थोर कवयित्री’ हे मला अर्धंच पटतं. थोर, शंभर टक्के. पण आपण कवी म्हणतो तेव्हा ओळीच्या मालकीचा सातबारा कवीच्या नावावर असतो. इथे प्रत्येक ओळीगणिक ती बाई सातबारा दुसऱ्याच्या हाती देतेय.

भाषांतर करणार असाल तर खरी गंमत इथेच आहे. मराठीत ‘म्हणे’ आयता हाताशी आहे. इंग्रजीवाल्यांना तो नाही. पण आपल्या ‘म्हणे’ला दोन तोंडं आहेत. ‘तुका म्हणे’ मधला ‘म्हणे’ छातीवर हात ठेवून उभा असतो. ‘ते लग्न मोडलं म्हणे’ मधला ‘म्हणे’ हात झटकतो, खरंखोटं देव जाणे. आजचा वाचक ‘गरुड-बाई मी, म्हणे’ वाचेल आणि हसेल. त्याला वाटेल बाई टोमणा मारतेय.

कुंपणावरची:

तळघर, हे मात्र आवडलं. आणि माझ्याच बाजूचं आहे असं धरून चालते. जी बाई ओळ स्वतःची म्हणत नाही, तिच्या नावाने कवितासंग्रह काढायचा?

तळघर:

तुमच्या बाजूचं नाही हो. तुका म्हणे, जनी म्हणे याही ओळी एका अर्थी पोचवलेल्याच, आणि आपण त्यांना कविता म्हणतो. त्यात कुणाची चोरी झाली असं वाटत नाही, कारण ते गाणारे वारकरी अजून गाताहेत, आणि आपण त्यांच्यातच राहतो. अडचण शब्दाची नाही, अंतराची आहे.

रानजाई:

गंमत अशी, की आपण ‘मजातेक’ म्हणजे १९५६ ची तबकडी असं धरून बसलोय. दोन लाखांहून जास्त लोक ही भाषा आजही बोलतात. स्वरांच्या चढउतारावर अर्थ बदलणारी भाषा, इतकी, की या डोंगरावरचे पुरुष त्या डोंगरावरच्याशी नुसत्या शिट्टीवर सौदा ठरवायचे. जॉर्ज कॉवन यांनी १९४८ मध्ये या शिट्टीच्या बोलण्यावर शोधनिबंध लिहिला. हे कॉवन बायबलचं भाषांतर करायला आलेले मिशनरी. अळंबीचा विधी त्यांना मान्य असणं शक्य नव्हतं, पण १९५८ च्या त्या रात्रीचं गाणं कागदावर उतरवायचं काम शेवटी त्यांनी आणि त्यांच्या पत्नीनेच केलं. कारण बाहेरच्यांपैकी तेवढी भाषा येणारी माणसं होतीच किती?

आणि मजातेक लोकांनी स्वतः काय केलं? हुआन ग्रेगोरिओ रेहिनो हा मजातेकमध्ये लिहिणारा आजचा कवी. त्याच्या कवितेत वेलादाची ती पुनरुक्ती, ती नामावळी उघड दिसते. त्याने कुणाची परवानगी मागितली नाही, त्याच्याच घरची भाषा ती. नोव्हेंबरच्या तोंडावर पितरांच्या दिवसांत मुखवटे घालून घरोघर गात फिरणारी मंडळी असतात. त्यांच्यासाठी दर वर्षी मजातेकमध्ये नवी गाणी रचतात, स्पर्धा होतात, आणि लोक आपली भाषा लिहायला शिकले ते बऱ्याच अंशी या गाण्यांपायी. म्हणजे गाणं कविता झालं, कागदावर आलं, आणि कुणी रडत बसलं नाही. ‘हे काम आहे, याला कविता म्हणू नका’ असं आपण इथून बजावतोय, तेही जरा मालकीहक्कासारखंच झालं की.

ना धड ना बोळा:

रानजाईंना +१. भगताच्या गाण्याबद्दलही हेच. मला त्याने साप उतरवायला नकोय, पण गाणं मात्र जायला नकोय. दोन्ही एकदम म्हणता येतं हे आज कळलं. (भावाला विचारलं, तो म्हणाला, बोट परत द्या, मग गाण्याचं बघू.)

पितळी डबा:

उशीर झाला. काल १९५८ च्या रात्रीची भाषांतरित पानं मिळवून वाचली.

@कुंपणावरची, तुमचं म्हणणं लागलं. वाचताना प्रत्येक ओळीखाली तो मुलगा होता. पण ताई, त्यामुळे ओळ माझ्यासाठी कमी कविता झाली नाही, जड झाली. रात्रभर ती संतांची नावं घेते, बापा म्हणते, येशू म्हणते, आणि पुन्हा पुन्हा स्वतःची ओळखपत्रं दाखवते: मी अशी बाई, मी तशी बाई. पहिल्यांदा ऐकताना मला तो आत्मविश्वास वाटला होता. आता वाटतं, कचेरीच्या खिडकीपाशी उभी राहून ती कुणाचं तरी काम करून घ्यायला धडपडतेय, आणि आतून फाइल परत येतेय. वकील-बाई आता नीट कळली.

संग्रह वगैरे नको, तेवढं मान्य. दहाबारा ओळी करून बघेन, मुलाची हकिगत आधी आणि ओळी नंतर, तशा क्रमाने. ‘त्सो’ मात्र गाळणार नाही. ‘म्हणे’ तीनदा लिहिला आणि तिन्हीदा खोडला, तळघर म्हणतात तसा तो खरंच डोळा मारतो. सध्या प्रत्येक ओळीच्या शेवटी ‘असं म्हणतात’ ठेवलंय.

तळघर:

‘असं म्हणतात’ नको. त्यात गावगप्पा आहे, कोण म्हणतं त्याचा पत्ता नाही. इथे म्हणणारी ठरलेली आहेत, खोलीत आहेत, तिने जोडीजोडीने मोजून खाल्लीत. ‘लेकरं म्हणतात’ करून बघा.

पितळी डबा:

गरुड-बाई मी, लेकरं म्हणतात. वकील-बाई मी, लेकरं म्हणतात.

लांबतंय. टाळीत बसत नाही.

तळघर:

मग ‘म्हणती’. जुनं आहे, पण दोन टाळ्यांच्या मध्ये मावतं.