‘पाच वर्षं देश लष्कराच्या हाती द्या’ : खरंच द्यायचा का?

भद्रकालीकर

कुंभाची कामं निघाली, रस्ते खोदले गेले, की नाशकात मिसळीच्या कुठल्याही टेबलावर हे वाक्य हमखास ऐकू येतं : "पुढारी सगळे चोर. पाच वर्षं लष्कराच्या हाती द्या, बघा कसा सरळ होतो देश." त्यावर दुसरा कोणीतरी म्हणतो, "आपलं लष्कर तसलं नाही हो, शिस्तीचं आहे." माझं भांडण दोघांशीही आहे.

ऑगस्ट १९४७ मध्ये भारताच्या आणि पाकिस्तानच्या सैन्यात फरक तो काय होता? अधिकारी त्याच सँडहर्स्ट-डेहराडूनच्या लष्करी अकादमींतले, एकाच मेसमध्ये जेवलेले. आपल्या देवळालीचं तोफखान्याचं स्कूल आधी काकुलला होतं, आणि त्याच काकुलला आज पाकिस्तानची लष्करी अकादमी आहे. माल एकाच गिरणीतला. तरी अकरा वर्षांत तिकडे मार्शल लॉ आला आणि इकडे सेनापती सचिवांच्या सहीची वाट बघत बसले.

फरक पुढाऱ्यांत होता. मुस्लिम लीगच्या बऱ्याच मोठ्या नेत्यांचे मतदार सीमेच्या अलीकडे राहिले. जिना १९४८ मध्ये गेले, लियाकत अलींना १९५१ मध्ये गोळी घातली. १९४७ ते १९५८ मध्ये सात पंतप्रधान झाले. सेनापती मात्र जानेवारी १९५१ पासून एकच, अयूब खान. गव्हर्नर जनरल गुलाम मोहम्मद हे मुळात हिशेबखात्यातले अधिकारी. त्यांनी १९५४ मध्ये घटना समितीच बरखास्त केली आणि नव्या मंत्रिमंडळात अयूबना संरक्षणमंत्री केलं, तेही वर्दी न उतरवता. ७ ऑक्टोबर १९५८ ला राष्ट्राध्यक्ष इस्कंदर मिर्झांनी मार्शल लॉ पुकारला आणि वीस दिवसांत अयूबनी मिर्झांनाच घरी पाठवलं. म्हणजे लष्कर कडी तोडून आत आलं नाही, बाबूंनी कडी काढून दिली. सार्वत्रिक निवडणूक त्या देशाने पहिल्यांदा पाहिली ती १९७० मध्ये.

आपल्याकडे काँग्रेसची कमिटी तालुक्यात होती, तुरुंगात जाऊन आलेला माणूस गावात होता आणि १९५१-५२ लाच लोकांनी मतं टाकली होती. शिवाय नेहरूंनी सेनापतीची खुर्ची एकेक पाय कापत खाली आणली. ब्रिटिश काळात सेनापती व्हाइसरॉयच्या कौन्सिलात बसायचा. सप्टेंबर १९४६ च्या हंगामी सरकारात ती जागा बलदेवसिंगांकडे, म्हणजे बिनवर्दीच्या संरक्षणमंत्र्याकडे गेली. सेनापतीचा दिल्लीतला बंगला म्हणजे तीन मूर्ती, तिथे पंतप्रधान राहायला गेले. १९४७ मध्येच तिन्ही दलांचे तीन वेगळे प्रमुख झाले आणि १९५५ मध्ये कमांडर-इन-चीफ हे पदनामही गेलं. या सगळ्यात लष्कराचा चांगुलपणा किती आणि पुढाऱ्यांची सावधगिरी किती? मी दुसरीला शंभरातले ऐंशी देतो.

गंगापूर_रोड

‘लष्कराच्या हाती द्या’ म्हणणारे ते म्हणजे आम्हीच, असं समजून लिहितो.

पाकिस्तान हे सोयीचं उदाहरण झालं. दक्षिण कोरियाचं काय? तीही वसाहतच, जपानची. पार्क चुंग-ही मे १९६१ मध्ये बंड करून आले. स्वतः जपान्यांच्या मांचुरियातल्या अकादमीत शिकलेले, म्हणजे वसाहतवाल्यांनीच घडवलेले. त्यांच्या अठरा वर्षांत पोलाद, जहाजं, हमरस्ते सगळं उभं राहिलं. आपण तेवढ्या काळात गरिबी हटवायच्या घोषणा दिल्या.

आणि पक्ष तळागाळात असला की लष्कर येत नाही, हे घानाला सांगा. एन्क्रूमांचा पक्ष खेड्यापाड्यांत होता, त्याच बळावर १९५७ मध्ये स्वातंत्र्य मिळवलं. फेब्रुवारी १९६६ मध्ये ते परदेश दौऱ्यावर असताना सैन्याने सरकार उलथवलं आणि लोक रस्त्यावर येऊन नाचले. तुमच्या ऐंशी टक्क्यांचं काय करायचं मग?

तोफखाना_निवृत्त

भद्रकालीकर, तुमचं निम्मं पटलं, पण वीस टक्क्यांत आमची बोळवण केलीत ते नाही पटलं.

मी जेसीओ (जवानांतून वर आलेला सुभेदार दर्जाचा अधिकारी) म्हणून बाहेर पडलो, त्यामुळे साहेब लोकांचं कौतुक करायची मला गरज नाही. पण बंड सेनापती एकटा करत नाही. त्याचा हुकूम कर्नलने, मेजरने, शेवटी आमच्यासारख्याने ऐकावा लागतो. निवडणुकीत बॅरेकमध्ये टपालाची मतपत्रिका यायची तेव्हा पोरगं आपल्या गावाकडच्या उमेदवाराचं नाव बोटाने शोधायचं, लिफाफा चिकटवायचं आणि परत ड्युटीवर. कुणाला दिलंस, हे विचारायची पद्धत नव्हती. ही सवय कुणीतरी लावली, ती नेहरूंनी दिल्लीत बसून लावलेली नाही.

१९५९ चं बघा. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांच्याशी पटेना म्हणून सेनापती थिमय्यांनी राजीनामा दिला. त्या वेळी त्यांच्याइतका लोकप्रिय सेनापती दुसरा नव्हता. नेहरूंनी राजीनामा परत घ्यायला लावला आणि वर संसदेत त्यांच्यावरच टीका केली. थिमय्यांनी ऐकून घेतलं आणि १९६१ मध्ये मुकाट निवृत्त झाले.

आणि सावधगिरीची किंमत कोणी मोजली तेही लिहा ना. आपल्या कोल्हापूरकडचे जनरल थोरात पूर्व विभागाचे प्रमुख होते. नेफाचं (आजच्या अरुणाचलचं) चीनपासून रक्षण कुठल्या रेषेवर करता येईल आणि कुठे नाही, हे त्यांनी १९५९ मध्येच कागदावर मांडलं होतं. मार्च १९६० मध्ये लखनौला ‘लाल किला’ नावाचा सराव करून दाखवलं. त्यांना सेनापतिपद मिळालं नाही. १९६२ च्या ऑक्टोबरात चौथी कोर ज्या कौलसाहेबांना दिली, त्यांना लढाईत फौज हाताळल्याचा अनुभव नव्हता, दिल्लीत वजन होतं. पुढे काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. त्या पराभवाची चौकशी करणारा हेंडरसन ब्रुक्स अहवाल सरकारने अजून अधिकृतपणे खुला केलेला नाही. लष्कराला लांब ठेवा, जरूर ठेवा. पण लांब ठेवणं वेगळं आणि त्याचं ऐकायचंच नाही हे वेगळं.

ओझरकर

सुभेदारसाहेब, १९६२ निघालंच आहे तर नाशिकचा धागा जोडतो. मेनन गेले, यशवंतराव संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले आणि १९६३ च्या पोटनिवडणुकीत नाशिकने त्यांना बिनविरोध लोकसभेवर पाठवलं. दुसऱ्याच वर्षी ओझरला मिगचा कारखाना. आमच्याकडे सर्रास म्हणतात, "यशवंतरावांनी नाशिकचं ऋण फेडलं."

मी त्याच कारखान्याच्या वसाहतीत वाढलो, आता निवृत्त आहे. तुम्ही सगळे खुर्चीबद्दल बोलताय, मला पैशाबद्दल बोलायचंय. ओझरला विमान तयार होतं ते हवाई दलासाठी, पण कारखाना हवाई दलाचा नाही. सरकारी कंपनी, संरक्षण मंत्रालयाखाली. वर्दीवाले येतात, तपासतात, त्रुटी काढतात, वाद घालतात, सही करतात आणि विमान घेऊन जातात. विमान वेळेत मिळालं नाही तर बोंब मारू शकतात, पण तिजोरीची चावी त्यांच्याकडे नाही. आमचं काम ढिसाळ असायचं ही टीकाही ऐकलीय, ती काही अगदीच खोटी नव्हती.

आता पाकिस्तानात फौजी फाउंडेशन बघा. माजी सैनिकांच्या कल्याणासाठी १९५४ मध्ये सुरू झालं, आज खतापासून सिमेंटपर्यंत धंदे आहेत. सकाळच्या कॉर्नफ्लेक्सच्या खोक्यावरसुद्धा ‘फौजी’. इजिप्तचं सैन्य शेवया आणि बाटलीबंद पाणी विकतं. ज्या सैन्याचा स्वतःचा गल्ला आहे ते बॅरेकमध्ये परत जात नाही, निवडणुका झाल्या तरी. पाकिस्तानला पन्नाशीच्या दशकात अमेरिकेची मदत मिळाली तेव्हा अयूब थेट वॉशिंग्टनशी बोलत होते. आपली मिगची बोलणी सरकारने सरकारशी केली. माझ्या मते ऐंशी टक्के इथे आहेत.

भद्रकालीकर

गल्ल्याचा मुद्दा माझ्या डोक्यात नव्हता, चांगला आहे. पण गल्ला हातात आला तो आधी सत्ता आली म्हणून, की उलट? मिर्झांनी कडी काढली तेव्हा कॉर्नफ्लेक्सवर कोणी राज्य करत नव्हतं.

गंगापूर_रोड, घानात १९६४ पर्यंत एन्क्रूमांनी एकपक्षीय राज्य करून पक्षाचं सरकारी कचेरीत रूपांतर केलं होतं. कचेरीसाठी कोण रस्त्यावर उतरेल? आणि कोरियाची जमीन कुळांना मिळाली ती १९५० च्या कायद्याने, पार्क यायच्या अकरा वर्षं आधी. पार्कना त्यांच्याच गुप्तचर प्रमुखाने १९७९ मध्ये गोळी घातली आणि पुढच्या वर्षी नव्या जनरलांनी ग्वांगजूत स्वतःच्या माणसांवर सैन्य घातलं. तुमच्या ‘पाच वर्षां’ची मुदत मोजणार कोण, एवढंच सांगा.

गंगापूर_रोड

मुदत मोजणारे आत्ता तरी कुठे आहेत? महापालिकेत प्रशासक वर्षानुवर्षं बसला तेव्हा कोणी मोजली?

सरोज_सिन्नर

हा टोला झकास होता, त्याचं उत्तर कोणाकडे असेल असं वाटत नाही.

पण तुम्ही सगळे दादा-काका एक गोष्ट धरूनच चालला आहात, की लष्कर सत्तेवर आलं नाही म्हणजे आपण जिंकलो. कोणासाठी जिंकलो? भारत छोडोचं आंदोलन चिरडायला ऑगस्ट १९४२ मध्ये इंग्रजांनी सशस्त्र दलांना विशेष अधिकार देणारा वटहुकूम काढला. त्या आंदोलनात तुरुंगात गेलेलेच लोक पुढे सत्तेत आले आणि सप्टेंबर १९५८ मध्ये त्याच वळणाचा कायदा त्यांनी संसदेत मंजूर केला, आफ्स्पा. तिकडे मार्शल लॉ आला त्याच्या जेमतेम महिनाभर आधी. मणिपूर-नागालँडमधल्या बाईला विचारा बरं, बॅरेक कुठे संपते आणि गाव कुठे सुरू होतं.

दुसरं. ‘अधिकारी एकाच मेसचे’ म्हणालात, पण त्या मेसमध्ये शिरायला मिळत होतं कोणाला? महारांची भरती इंग्रजांनी १८९० च्या दशकात बंद केली, ‘लढवय्या जाती’ नाहीत म्हणून. गोपाळबाबा वलंगकरांनी, नंतर शिवराम जानबा कांबळ्यांनी अर्ज-विनंत्या केल्या. १९४१ मध्ये महार रेजिमेंट उभी राहिली तीही महायुद्ध पेटलं म्हणून. मुलींसाठी खडकवासल्याच्या एनडीएचं, म्हणजे अधिकारी घडवणाऱ्या प्रबोधिनीचं, दार उघडायला २०२१ चा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश लागला. पुढारी विरुद्ध सेनापती हे भांडण मला एकाच वाड्यातल्या दोन भावांचं वाटतं. आमच्यासारखे बाहेर ओट्यावर.

तोफखाना_निवृत्त

ताई, आफ्स्पाबद्दल एवढंच म्हणतो की तो कायदा सैन्याने केला नाही. अशांत क्षेत्र जाहीर करतं सरकार. आम्हाला बोलावलं की आम्ही जातो आणि मग बदनामीही आमच्याच पदरात. पोलिसांनी, पुढाऱ्यांनी न केलेलं काम आमच्या गळ्यात.

सरोज_सिन्नर

मान्य, कायदा तुम्ही केला नाही. पण तो काढायची वेळ आली की विरोधाचा सूर लष्कराकडूनही येतो, हेही खरं ना? म्हणजे वजन आहे. दिसत नाही एवढंच. आणि २०१९ मध्ये प्रचाराच्या फलकांवर जवानांचे फोटो लावू नका, असं निवडणूक आयोगाला पक्षांना बजावावं लागलं. पुढाऱ्यांना सैन्य लांब ठेवायचंय, पण फोटो जवळ हवाय.

ओझरकर

फोटोचं सोडा, माणसंच हवी आहेत. सेनापती करिअप्पांना निवृत्तीनंतर ऑस्ट्रेलियाला उच्चायुक्त म्हणून पाठवलं, तेव्हा निदान देशाबाहेर तरी पाठवलं होतं. व्ही. के. सिंग २०१२ मध्ये सेनाप्रमुखपदावरून उतरले आणि २०१४ मध्ये गाझियाबादचे खासदार आणि मंत्री.

तोफखाना_निवृत्त

निवृत्त माणूस नागरिक आहे, त्याला निवडणूक लढवायचा हक्क आहे. पण मधे पाच वर्षं जाऊ द्यावीत, असं माझं मत. नाहीतर शेवटच्या वर्षातला प्रत्येक निर्णय लोक संशयाने बघणार आणि युनिटमधली पोरंसुद्धा.

भद्रकालीकर

पाच वर्षांना मी तयार आहे. मग सनदी अधिकाऱ्यांना आणि न्यायाधीशांनाही लावा.

तोफखाना_निवृत्त

लावा की. कोणी अडवलंय? पण तो कायदा करणार कोण, तुमचे ऐंशी टक्केवालेच ना?

गंगापूर_रोड

म्हणून तर म्हणतो, पाच वर्षं…