नामबंधू, समनामी, सनाम की आणखी काही?

मूळ प्रश्न

एका पुस्तकाची नामसूची करतो आहे. त्यात शरद जोशी दोन आहेत. एक शेतकरी संघटनेचे (१९३५–२०१५), दुसरे हिंदीतले व्यंगकार (१९३१–१९९१). दोघांचा एकमेकांशी काही संबंध नाही, फक्त नाव एक. अशा माणसाला मराठीत नेमकं काय म्हणायचं? 'नामसाधर्म्य' ठाऊक आहे, पण ती स्थिती झाली. मला 'हे त्यांचे अमुक' या वाक्यातल्या 'अमुक'च्या जागी बसणारा शब्द हवा आहे. 'एकाच नावाचे दुसरे गृहस्थ' असं प्रत्येक वेळी लिहायचा कंटाळा आला.

प्रतिसाद

नामबंधू. आडनाव एक असेल तर आडनावबंधू. विषय संपला.

प्रतिसाद

संपला कसा? बायकांचं काय करायचं? 'नामभगिनी' म्हटलं की महिला मंडळाच्या अध्यक्षीय भाषणात शिरल्यासारखं वाटतं. आणि गरज तर आहेच. शांता हे नाव घ्या. प्रभातच्या 'कुंकू'ची (१९३७) नायिका शांता आपटे आणि 'माणूस'ची (१९३९) शांता हुबळीकर. दोन्ही चित्रपटांचे दिग्दर्शक व्ही. शांताराम, म्हणजे तिथे शांतीच शांती. हुबळीकरांचं मूळ नाव मात्र राजम्मा. मग कवयित्री शांता शेळके. नाशिकच्या, आंबेडकरी चळवळीतल्या शांताबाई दाणी. आत्मकथन लिहिणाऱ्या शिक्षिका शांताबाई कांबळे. पाच जणी, क्षेत्रं चार, आणि यांतल्या एकीलाही दुसरीची 'नामभगिनी' म्हणायला जीभ वळत नाही. 'बंधू' शब्दात मुळात पुरुष धरलेला आहे, म्हणून तो मला चालत नाही.

प्रतिसाद

संस्कृतात 'सनामन्' आहे, अर्थ 'ज्याचं नाव तेच आहे असा'. मराठीत 'सनाम' करता येईल. सगोत्र म्हणजे एकाच गोत्राचे, सजातीय म्हणजे एकाच जातीचे, त्याच चालीवर सनाम म्हणजे एकाच नावाचे. लिंगाचा प्रश्न मिटतो: तो सनाम, ती सनाम, ते दोघे सनाम.

प्रतिसाद

कागदावर छान. पण 'स' मराठीत दोन कामं करतो. सगोत्रमधला 'स' सारखेपणाचा, तर सपत्नीक, सविस्तर, सशुल्क यांतला 'सहित' अर्थाचा. आजच्या वाचकाच्या कानाला दुसरा आधी लागतो. 'सनाम पत्र' म्हटलं तर तो निनावी पत्राच्या उलट काहीतरी समजेल, म्हणजे खाली सही असलेलं. शब्द शुद्ध असून भागत नाही, वाचणाऱ्याला अडखळायला होता कामा नये.

'समनामी' त्या मानानं बरा. समवयस्क, समकालीन, समदुःखी यांच्या पंक्तीत तो बसतो आणि पहिल्यांदा वाचणाऱ्यालाही कळतो. 'हमनाम' गोड आहे, पण मराठी वाक्यात आला की गझल सुरू होणार असं वाटतं. आणि कृपा करून कोणी 'नामधारी' सुचवू नका. त्याचा अर्थ नावापुरता, अधिकार नसलेला. कोणा नेत्याबद्दल तो शब्द चुकून पडला तर सूचीकाराची धडगत नाही.

प्रतिसाद

जाता जाता: 'नामसाधर्म्य' हाच शब्द मला खटकतो. साधर्म्य म्हणजे धर्म, म्हणजे गुण, समान असणं. इथे गुण समान नाहीत, हीच तर गंमत आहे. 'नामसाम्य' म्हणा. वर्तमानपत्रांत 'नावसाधर्म्य'ही छापून येतं. अर्धा शब्द घरचा, अर्धा संस्कृत.

प्रतिसाद

साधर्म्यावरून भांडायला उशीर झाला, तो शब्द रुळला. मला मूळ प्रश्नाबद्दलच शंका आहे. माणसासाठीचा हा शब्द मराठीत पक्का झाला नाही, कारण त्यावाचून आपलं अडलं नाही. दोन माणसांना एका नावाखाली आणण्यापेक्षा त्यांना वेगळं कसं ओळखायचं, हीच आपली नड होती आणि त्यासाठी भाषेनं भरपूर सोय केली आहे.

'वसंत'चंच बघा. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात जन्मलेल्या मराठी माणसांत या नावाची इतकी नामवंत मंडळी आहेत की एखादं छोटं मंत्रिमंडळ, एक संगीत सभा आणि एक साहित्य संमेलन त्यांच्यावर निभावेल. मुख्यमंत्रीच दोन: वसंतराव नाईक (१९६३ ते १९७५) आणि त्यांच्यानंतर काही वर्षांतच वसंतराव पाटील. आता गंमत अशी की पाटलांना कोणी वसंतराव म्हणतच नाही. ते 'वसंतदादा'. 'राव' नाईकांकडे, 'दादा' पाटलांकडे, अशी वाटणी लोकांनी परस्पर करून टाकली. गाण्याच्या बैठकीत 'वसंतराव' म्हटलं की मात्र नाईक कोणाच्याच डोक्यात येत नाहीत, तिथे वसंतराव म्हणजे देशपांडे. संदर्भ बदलला की तोच 'राव' दुसऱ्याचा होतो.

खरा घोळ संगीतकारांत. वसंत देसाई, वसंत प्रभू, वसंत पवार, तिघेही एकाच काळातले. रेडिओवर 'संगीत वसंत…' इथपर्यंत ऐकू आलं आणि पुढचं खरखरीत बुडालं, तर गाण्यावरूनच ओळखायला हवं. शब्द पी. सावळारामांचे, आवाज लताबाईंचा, सासरी निघालेली लेक किंवा तिच्यासाठी झुरणारं माहेर असेल तर प्रभू. 'गंगा जमुना डोळ्यांत उभ्या का' हे त्यांचं. ढोलकी कडाडली आणि फड उभा राहिला तर पवार. 'बुगडी माझी सांडली गं' त्यांची. शांतारामांचा चित्रपट असेल, चाल रागदारीतली किंवा प्रार्थनेची असेल तर देसाई. 'घनश्याम सुंदरा'ही त्यांचं आणि 'ऐ मालिक तेरे बंदे हम'ही त्यांचंच. पवार १९६५ साली गेले, प्रभू १९६७ साली, देसाई १९७५ साली. या तिघांत एकानंही दुसऱ्यासारखं काम केलं नाही. नाव एक असून हाताची ओळख इतकी वेगळी असावी, याचं मला फार अप्रूप वाटतं.

पुढे नाटककार वसंत कानेटकर, व्यंगचित्रकार वसंत सरवटे, कवी वसंत आबाजी डहाके. सात कसोटी सामने खेळलेले मध्यमगती गोलंदाज वसंत रांजणे. रंगीत दूरदर्शनचा आग्रह धरणारे केंद्रीय मंत्री वसंत साठे. अवकाश संशोधनातून पावसाच्या अंदाजाकडे वळलेले वसंत गोवारीकर, ज्यांचं सोळा घटकांचं प्रारूप हवामान खात्यानं १९८८ पासून वापरलं. वसंतानं वर्षेचं भाकीत करावं, हा योग नामकरणाच्या वेळी कोणाच्या ध्यानीमनी नसणार.

वसंत ऋतूत जन्मले म्हणून वसंत, असं कोणी म्हणेल. गोवारीकर २५ मार्चचे, डहाके ३० मार्चचे, देशपांडे २ मेचे, इथवर जमतं. पण नाईकांचा जन्म १ जुलैचा आणि वसंतदादांचा १३ नोव्हेंबरचा. तेव्हा ऋतूपेक्षा त्या काळातली नावाची हौस हेच कारण मला पटतं. ती हौस किती होती पाहा: वसंत बापटांचं खरं नाव विश्वनाथ, वसंत सबनीसांचं रघुनाथ. म्हणजे पाळण्यातला वसंत नसलेलेही वसंत झाले.

प्रतिसाद

वसंतांच्या यादीत एक नाव राहिलं: डॉ. वसंत अवसरे. 'जिवलगा राहिले रे दूर घर माझे'चे गीतकार. हे अवसरे म्हणजे शांता शेळके, टोपणनावानं. वर शांतांची यादी देणाऱ्या ताईंना विचारतो, यांना नामबंधू म्हणायचं की नामभगिनी?

प्रतिसाद (शांतांची यादी देणारी)

समनामी म्हणा आणि सुटा.

प्रतिसाद

वेगळं ओळखायची सोय म्हणाल तर ती जुनी आहे. पेशव्यांत माधवराव दोन झाले, तर पहिले थोरले आणि दुसरे सवाई. बाजीराव दोन, तर एक थोरले आणि दुसरे नुसते दुसरे. 'सवाई'मध्ये निदान कौतुक आहे, 'दुसरे'मध्ये तेही नाही. इतिहासानं विशेषणातच निकाल देऊन टाकला.

शाहूंच्या बाबतीत मात्र ही सोय आपण वापरत नाही आणि मग घोटाळे होतात. साताऱ्याचे छत्रपती शाहू (१६८२–१७४९) हे संभाजी महाराजांचे पुत्र. कोल्हापूरचे शाहू (१८७४–१९२२) जन्मानं कागलच्या घाटगे घराण्यातले यशवंतराव. १८८४ साली दत्तक आले तेव्हा त्यांना शाहू हे नाव मिळालं. १९०२ साली आपल्या संस्थानात मागासवर्गीयांसाठी निम्म्या जागा राखून ठेवणारे ते हे. त्यांना 'राजर्षी' लावलं की गोंधळ उरत नाही. नुसतं 'शाहू महाराजांनी' असं वाक्य सुरू करणाऱ्या लेखकाला पहिल्या ओळीतच शतक सांगायला लावलं पाहिजे.

आणि हे निव्वळ योगायोगाचं नामसाम्य नव्हे, हेही नोंदवतो. दत्तकाला पूर्वजाचं नाव देणं हा ठरवून केलेला वारसा आहे. पैठणच्या संत एकनाथांवरून कितीतरी एकनाथ झाले. कन्याकुमारीच्या विवेकानंद शिलास्मारकामागचे एकनाथ रानडे, फॉरवर्ड शॉर्ट लेगला उभं राहून २७ कसोटींत ५३ झेल घेणारे एकनाथ सोलकर. त्यांची नावं ठेवताना घरात नाथांचीच आठवण असणार. दोन शरद जोशींचं तसं नाही. तिथे कोणी कोणावरून नाव ठेवलेलं नाही. या दोन प्रकारांना एकच शब्द पुरेल का, हा माझा प्रश्न. पूर्वजाचं नाव मुद्दाम चालवणाऱ्याला मी 'समनामी' म्हणणार नाही.

प्रतिसाद

शब्दाची सगळ्यात जास्त गरज निवडणुकीत पडते आणि तिथेच तो सापडत नाही. २०१४ ला रायगडात अनंत गीते सुनील तटकरेंपेक्षा २,११० मतांनी पुढे राहिले. त्याच मतपत्रिकेवर दुसरे एक सुनील तटकरे अपक्ष होते, त्यांना ९,८४९ मतं पडली. बातम्यांत या दुसऱ्यांना 'नामसाधर्म्य असलेले उमेदवार' म्हणत राहिले. चार शब्दांच्या मथळ्यात ते बसवून बघा.

काही जण अशा उमेदवाराला सरळ 'तोतया' म्हणतात. ते चूक आहे. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणून जो पुढे आला तो तोतया, कारण त्यानं दुसऱ्याचं नाव घेतलं. या माणसाचं नाव त्याचं स्वतःचं आहे. उभं करण्यामागे कोणाचा हेतू काहीही असो, नावात खोट नाही.

वर 'वेगळं ओळखायची सोय' म्हटलंय, ती कायद्यातही आहे. १९६१ च्या निवडणूक नियमांत, दोन उमेदवारांचं नाव एकच असेल तर धंदा, राहण्याचं ठिकाण किंवा दुसरं काही जोडून त्यांना वेगळं दाखवावं असं सांगितलं आहे. तेवढ्यानं भागेना, म्हणून २०१५ पासून आयोगानं मतपत्रिकेवर उमेदवाराचा फोटो आणला.

नियम नसताना बातमीदार हेच करतात. जुलै २०२४ मध्ये विधान परिषदेला शेकापचे जयंत पाटील पडले. त्यांना पाठिंबा ज्या राष्ट्रवादीचा होता, तिचे तेव्हाचे प्रदेशाध्यक्षही जयंत पाटील. 'शेकापचे' हे विशेषण काढा आणि बातमी वाचून दाखवा.

मूळ प्रश्नकर्ता

सगळ्यांचे आभार. मजकुरात 'समनामी' घेतो. 'नामबंधू' गप्पांत ठेवतो, लिखाणात नको. ठरवून दिलेल्या नावाचा मुद्दा महत्त्वाचा आहे, तिथे सरळ 'त्यांच्यावरून ठेवलेलं नाव' असं लिहीन.

पण सूचीचं काम यानं सुटत नाही. कंसात व्यवसाय लिहावा म्हटलं तर तोही पुरत नाही. 'जोशी, शरद (लेखक)' लिहून काय उपयोग? शेतकरी संघटनेच्या जोशींनीही मराठीत पुस्तकं लिहिली आहेत. गाडगीळांचं तर विचारूच नका. धनंजयराव गाडगीळ अर्थतज्ज्ञ, गंगाधर गाडगीळ कथाकार खरे, पण अर्थशास्त्राचे प्राध्यापकसुद्धा. शिवाय राज्यांना केंद्राची मदत वाटण्याचं 'गाडगीळ सूत्र' धनंजयरावांचं आणि पश्चिम घाटाचा २०११ चा 'गाडगीळ अहवाल' त्यांचे चिरंजीव माधवराव यांचा.

प्रतिसाद

व्यवसाय नको, मधलं नाव द्या. त्यासाठीच ते असतं. कवी आणि तुकारामांचे अनुवादक दिलीप चित्रे म्हणजे दिलीप पुरुषोत्तम, अमेरिकेत राहून लिहिणारे ते दिलीप वि. चित्रे. त्या एका 'वि.'वर किती वर्षं काम निभावलं. मधलं नाव हाताशी नसेल तर जन्म-मृत्यूची सालं द्या, सालं सहसा भांडत नाहीत.

आणि अनेकवचनाचं सांभाळा. 'दोन शरद जोशी होते' बरोबर, विशेषनाम तसंच राहतं. विभक्ती लागली की 'दोन शरद जोशींमध्ये', 'तिन्ही वसंतांच्या चाली'. 'वसंतरावांच्या' लिहिलंत तर ते एकाचंच आदरार्थी रूप वाटेल, तिघांचं नाही.

मूळ प्रश्नकर्ता

मग वसंतदादा कुठे लावू? 'व'मध्ये की 'प'मध्ये?

प्रतिसाद

मुख्य नोंद 'प'मध्ये: पाटील, वसंतराव बंडूजी (वसंतदादा). 'व'मध्ये एक ओळ: वसंतदादा, पाहा पाटील. वाचक 'व'मध्येच शोधणार, तेव्हा ती ओळ गाळू नका. बापटांना 'बापट, वसंत' असंच ठेवा आणि विश्वनाथ कंसात घाला. अवसरेंसाठी मात्र 'अ'मध्ये वेगळी ओळ लागेल: अवसरे, वसंत (डॉ.), पाहा शेळके, शांता.